गणेशमूर्ती आणि बीजाक्षरांचा नाद

तंत्रपरंपरेत देवतेला आकृतीसोबत बीजाक्षरही असते. गणपतीचे बीज ‘गं’. गणपती अथर्वशीर्षात त्याची घडण सांगितली आहे: आधी गकार, मध्ये अकार, शेवटी अनुस्वार.

आकृतीची बाजू पाहायची तर, रायगड जिल्ह्यातील पेण आणि जवळच्या हमरापूर, जोहे या गावांत गणेशमूर्ती शाडूच्या, पुढे प्लास्टर ऑफ पॅरिसच्याही घडू लागल्या. १८९३ नंतर सार्वजनिक उत्सव पसरला, तशी मूर्तींची मागणी वाढली. कारखान्यातून निघालेली मूर्ती मात्र केवळ आकार मानली जाते. भाद्रपद शुद्ध चतुर्थीला पेण-रोह्याच्या घरोघरी मूर्तीच्या हृदयाला हात लावून प्राणप्रतिष्ठेचे मंत्र म्हणतात. त्यांतील ‘आं, ह्रीं, क्रों’ या बीजांच्या उच्चाराने मूर्तीत देवत्व येते, अशी श्रद्धा आहे. उत्तरपूजेत अक्षता वाहून मूर्ती किंचित हलवली, की ते देवत्व निरोप घेते आणि विसर्जन होते.