सिनेटच्या सूपमधला बटाटा

अमेरिकी सिनेटच्या उपाहारगृहात घेवड्याचे सूप रोज असते. ही प्रथा कोणी पाडली? कोणी आयडाहोचे फ्रेड डुबॉइस म्हणतात, कोणी मिनेसोटाचे नूट नेल्सन (१९०३). तेव्हा पातेल्यातच डोकवावे. दोन पौंड वाळलेला पांढरा घेवडा व धुरी दिलेले, हाडासकट डुकराचे मांस तीनेक तास मंद आचेवर शिजवायचे. मांस सोडवून परत घालायचे. वर लोण्यात परतलेला कांदा. डुबॉइस यांच्या नावावरील पाठात कुस्करलेला बटाटाही आहे, आजच्या पाठात नाही. बटाट्यांसाठी प्रसिद्ध आयडाहोच्या माणसाने बटाटा घालावा, हे इतके चपखल आहे की मला तरी तिथेच शंका येते. १४ सप्टेंबर १९४३ रोजी मात्र युद्धकालीन शिधावाटपामुळे घेवडा अपुरा पडला आणि सूप झाले नाही. दुसऱ्या दिवशी ते पुन्हा आले.