डॉ. श्रीराम लागू : नटाची वाणी आणि तिचा इतिहास

नटाचे चरित्र लिहू पाहणाऱ्यापुढे आरंभीच एक अडचण उभी राहते. कवीमागे कविता राहते, शिल्पकारामागे मूर्ती राहते. नटाची कृती मात्र पडदा पडताच प्रेक्षकांच्या स्मृतीत विरून जाते. चित्रपटाने ही अडचण काही अंशी दूर केली आहे. जो नट रंगभूमी आणि चित्रपट या दोन्ही क्षेत्रांत वावरला, त्याच्या वाणीचा इतिहास आज आपणांस काहीसा खात्रीने लिहिता येतो. प्रस्तुत निबंधात डॉ. श्रीराम लागू (1927–2019) यांच्या नटजीवनाचा या एकाच अंगाने विचार करावयाचा आहे. त्यांची प्रमाण मराठी ही केवळ शिक्षित पुणेकराची भाषा होती, की त्या भाषेच्या अधिकाराची चिकित्साही त्यांच्या भूमिकांतून झाली, हा आपला प्रश्न आहे.

प्रथम चरित्राची रूपरेषा पाहू. लागूंचा जन्म 16 नोव्हेंबर 1927 रोजी सातारा येथे झाला. फर्ग्युसन महाविद्यालयात व पुढे पुण्याच्या बी. जे. वैद्यकीय महाविद्यालयात त्यांचे शिक्षण झाले. कान, नाक व घसा यांच्या शस्त्रक्रियेत त्यांनी विशेष प्रावीण्य मिळविले. परदेशात पुढील शिक्षण घेतले आणि काही काळ टांझानियातील टबोरा येथे रुग्णसेवाही केली. पुण्यात भालबा केळकर यांच्या सहवासात प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन या संस्थेतून त्यांची हौशी रंगभूमीवरील जडणघडण झाली. वयाची चाळिशी उलटल्यावर, 1969 मध्ये, त्यांनी शल्यविशारदाचा स्थिर व्यवसाय सोडला आणि वसंत कानेटकरांच्या 'इथे ओशाळला मृत्यू' या नाटकापासून पूर्णवेळ नटाचा पेशा पत्करला. ज्याने मानवी कंठाची रचना शस्त्राने तपासली, त्यानेच तो कंठ पुढे उपजीविकेचे साधन केला, हा योगायोग भाषाभ्यासकास विशेष वाटल्यावाचून राहत नाही.

पुढच्याच वर्षी, 23 डिसेंबर 1970 रोजी, वि. वा. शिरवाडकरांचे 'नटसम्राट' रंगभूमीवर आले. प्रयोग दि गोवा हिंदू असोसिएशनचा होता व दिग्दर्शन पुरुषोत्तम दारव्हेकरांचे. शेक्सपिअरच्या 'किंग लिअर'शी नाते सांगणाऱ्या या नाटकात गणपतराव बेलवलकर या निवृत्त नटाची भूमिका लागूंनी केली. या भूमिकेतील खरी अवघड बाब पुष्कळदा दुर्लक्षिली जाते. बेलवलकर हा जुन्या, पल्लेदार शब्दफेकीच्या परंपरेतील नट आहे. लागू हे वास्तववादी अभिनयाच्या शाळेतील. म्हणजे एका पद्धतीच्या नटाने दुसऱ्या पद्धतीचा नट उभा करावयाचा होता. त्यांची उपलब्ध ध्वनिमुद्रणे लक्षपूर्वक ऐकली असता त्यांनी हा पेच कसा सोडविला, ते कळते. मराठी वाक्यात क्रियापद बहुधा शेवटी येते. जुनी शब्दफेक वाक्याच्या या शेवटास उंच चढवीत असे. नुसते सहज बोलणे तो शेवट गिळून टाकते. लागू यांपैकी काहीच करीत नाहीत. ते महत्त्वाच्या शब्दापूर्वी क्षणभर थांबतात आणि वाक्याचा शेवट पूर्णपणे, परंतु खाली उतरत्या स्वरात उच्चारतात. त्यामुळे पल्लेदारपणा नाटकातल्या नटाचा राहतो आणि थकवा मात्र माणसाचा ऐकू येतो.

येथे थोडे व्यक्तिगत सांगणे क्षम्य मानले जावे. प्रस्तुत लेखकाचे बालपण परतूर तालुक्यातील आष्टी या गावी गेले. 1 मे 1981 रोजी जालना जिल्हा निर्माण झाला, तोपर्यंत हा भाग परभणी जिल्ह्यात मोडत असे, आणि आमच्या घरची बोलीही त्याच वळणाची होती. 'मी येतो आहे' यास आम्ही 'मी यायलोय' म्हणत असू, 'तो जातो आहे' यास 'त्यो जायलाय'. गावातील एका स्नेहसंमेलनात बेलवलकरांचे स्वगत म्हणण्याचे काम माझ्याकडे आले. लागूंची ध्वनिफीत ऐकून त्यांचा प्रत्येक विराम मी पाठ केला होता. स्वगत उत्तम झाले. परंतु मंचावरून उतरताना कोणी हाक मारली तेव्हा मी 'यायलोय' असे उत्तर दिले आणि सभामंडपात हशा पिकला. काही क्षणांपूर्वी ज्या तोंडाचे कौतुक झाले होते, त्याच तोंडाची स्वतःची भाषा हास्यास्पद ठरली. हसणारेही माझीच बोली बोलणारे होते. प्रमाण भाषेचा अधिकार किती खोलवर रुजलेला असतो, हे मला तेथे प्रथम कळले. आणि त्या अधिकाराचा आवाज माझ्यापुरता लागूंचा होता.

म्हणूनच त्यांच्या चित्रपटांकडे मी पुढे साशंक मनाने वळलो. व्ही. शांताराम यांचा 'पिंजरा' 1972 मध्ये आला. कथा अनंत माने यांची व संवाद शंकर पाटील यांचे. आदर्शवादी शिक्षक तमाशाच्या फडातील नर्तकीच्या मोहात सापडतो आणि अखेर त्याच फडात तुणतुणे धरून उभा राहतो, हे कथासूत्र जर्मन चित्रपट 'डेर ब्लाउए एंगेल' (1930) याच्याशी जुळणारे आहे, ही गोष्ट सर्वश्रुत आहे. त्या चित्रपटाचे मूळ हाइनरिश मान यांच्या कादंबरीत असून त्यातील प्राध्यापकाची भूमिका एमिल यानिंग्ज याने केली होती. या नटाकडे एक दृष्टिक्षेप टाकणे आपल्या विषयास पोषक ठरेल.

यानिंग्जचा जन्म 1884 मध्ये स्वित्झर्लंडमधील रोर्शाख या गावी झाला. बर्लिनमध्ये माक्स राइनहार्ट यांच्या रंगभूमीवर त्याने नाव मिळविले, मूकपटांत तो जगप्रसिद्ध झाला, आणि उत्कृष्ट नटाचे पहिले ऑस्कर पारितोषिक 1929 मध्ये त्यालाच मिळाले. परंतु त्याच सुमारास बोलपट आला, आणि त्याच्या इंग्रजीवरील जर्मन उच्चारांची छाप अमेरिकेत अडसर ठरली. तो जर्मनीस परतला. पुढे नाझी राजवटीत तिच्या प्रचारास उपयोगी पडणाऱ्या चित्रपटांत त्याने कामे केली. 1941 चा 'ओम क्रूगर' हे त्याचे ठळक उदाहरण. महायुद्धानंतर त्याला पुन्हा चित्रपटात काम मिळाले नाही, आणि 1950 मध्ये ऑस्ट्रियात त्याचा मृत्यू झाला. एका भाषेने त्याची वाणी नाकारली आणि दुसऱ्या भाषेतील वाणी त्याने सत्तेस वाहिली, असे त्याच्या चरित्राचे सार सांगता येईल.

आता दोन्ही भूमिका शेजारी ठेवून पाहू. जर्मन प्राध्यापकाचा अधःपात कोंबड्यासारखे आरवण्यात पूर्ण होतो. म्हणजे भाषेचा अधिकारी अर्थशून्य ध्वनीपर्यंत खाली येतो. 'पिंजऱ्या'तील गुरुजींचे तसे होत नाही. गाव त्यांना मृत समजून त्यांचा पुतळा उभारते, आणि अखेर स्वतःच्याच खुनाचा आरोप त्यांच्यावर येतो. खरे काय ते एका वाक्यात सांगता आले असते. पण आपला आदर्श गावाच्या मनातून ढळू नये म्हणून ते मौन पत्करतात. ज्या शुद्ध भाषेत त्यांनी गावास उपदेश केला, ती भाषा सत्य सांगण्याच्या वेळी निरुपयोगी ठरते, आणि तमाशाच्या फडातील रांगडी बोली मात्र अखेरपर्यंत जिवंत राहते. हा योग केवळ कथानकाचा नव्हे. लागूंच्या नेमक्या, धुतल्यासारख्या उच्चारांवाचून तो विरोध इतका तीव्र झाला नसता.

जब्बार पटेल दिग्दर्शित व विजय तेंडुलकर लिखित 'सामना' या चित्रपटात हाच विरोध राजकीय रूप घेतो. हा चित्रपट 1975 च्या बर्लिन महोत्सवात स्पर्धेसाठी दाखविला गेला. साखर कारखान्याचा धनी हिंदुराव धोंडे पाटील (निळू फुले) ग्रामीण बोली बोलतो, आणि सत्ता त्याच्या हाती आहे. लागूंचा मास्तर प्रमाण मराठी बोलतो. पण तो दारूच्या आहारी गेलेला, वाट चुकलेला जुना स्वातंत्र्यसैनिक आहे. म्हणजे येथे बोली ही दुर्बलांची आणि प्रमाण भाषा ही सबलांची, हे आपले नेहमीचे समीकरण उलटले आहे. मास्तराजवळ एका नाहीशा झालेल्या माणसाविषयीचा प्रश्न एवढेच शस्त्र आहे. प्रमाण भाषेचे मूल्य तिच्या शुद्धतेत नसून ती कोणता प्रश्न विचारते यात आहे, असा या भूमिकेचा अर्थ मी करतो.

हा अर्थ केवळ भूमिकांपुरता नव्हता, याची साक्ष त्यांचे वर्तन देते. तेंडुलकरांचे 'गिधाडे' त्यांनी 1970 मध्ये दिग्दर्शित केले, तेव्हा परीक्षण मंडळाने लुगड्यावरील रक्ताच्या डागास हरकत घेतली. लागूंनी डाग निळा केला आणि प्रयोगापूर्वी प्रेक्षकांस तो लाल समजावा असे सांगितले. आज्ञा पाळली गेली आणि सत्यही लपले नाही. पुढे 'देवाला रिटायर करा' या लेखाने त्यांनी मोठा वाद ओढवून घेतला, आणि सामाजिक कृतज्ञता निधीसाठी सहकलाकारांसह 'लग्नाची बेडी'चे प्रयोग केले. 1999 मध्ये, सत्तरी ओलांडल्यावर, मकरंद साठे यांच्या 'सूर्य पाहिलेला माणूस' या नाटकात त्यांनी सॉक्रेटिस उभा केला. विचारण्याच्या गुन्ह्यासाठी विष प्यालेल्या माणसाची ही भूमिका त्यांच्या कारकिर्दीस किती साजेशी होती, ते निराळे सांगणे नको. 17 डिसेंबर 2019 रोजी पुणे येथे त्यांचे निधन झाले.

शेवटी एका शब्दाचा विचार करून हे विवेचन आटोपतो. लागूंनी आपल्या आत्मचरित्रास 'लमाण' हे नाव दिले. नट हा इकडचा माल तिकडे पोचविणारा वाहक आहे, ही त्यामागील कल्पना. या शब्दाची व्युत्पत्ती सामान्यतः 'लवण' म्हणजे मीठ या शब्दाशी जोडली जाते. बैलांच्या पाठीवर मीठ व धान्य लादून ते लोक देशभर हिंडत. पुण्यातील वाचकास हे एक सुंदर रूपक वाटेल. आष्टीच्या परिसरात मात्र लमाण हे रूपक नव्हे. तांड्यावर राहणारे ते आमचे शेजारी आहेत, आणि त्यांची गोरबोली आमच्या मराठीच्याही परिघाबाहेर राहिली आहे. ज्या नटाचा आवाज मला प्रमाण भाषेचे प्रतीक वाटला होता, त्याने आपल्या जीवनाचे नाव त्या परिघाबाहेरून घेतले, हे ध्यानात आले तेव्हा स्नेहसंमेलनातील तो हशा मला निराळा ऐकू येऊ लागला. लागूंची वाणी अनुकरण करण्यासाठी नव्हती. तिने वाहून आणलेला माल आपण उतरून घ्यावा आणि तो आपल्या बोलीत पुढे न्यावा, हेच तिच्या अभ्यासाचे प्रयोजन आहे.