दिनविशेष : १ सप्टेंबर १८८६ – पुणे धर्मप्रांताची स्थापना

सोलापूर जिल्ह्यातल्या मोहोळहून रेल्वेने सोलापूरला गेलो किंवा पुण्याला, कॅथलिक शाळा आपल्याला 'कॉन्व्हेंट' म्हणूनच ठाऊक असतात. या शाळांच्या इतिहासात आजची तारीख महत्त्वाची आहे. पोप तेरावे लिओ यांनी १ सप्टेंबर १८८६ रोजी भारतातील कॅथलिक धर्मप्रांतांची, म्हणजे बिशपांच्या अधिकारक्षेत्रांची, रीतसर रचना केली आणि पुणे धर्मप्रांत अस्तित्वात आला. सोलापूर जिल्हा आजही त्यातच आहे. पहिले बिशप बर्नहार्ड बायडरलिंडेन हे जर्मन जेझुइट (येशूसंघाचे धर्मगुरू) होते.

शाळा मात्र धर्मप्रांताहून जुन्या. पुण्यात मुलींसाठी कॉन्व्हेंट ऑफ जीझस अँड मेरी १८६० मध्ये, तर मुलांसाठी सेंट व्हिन्सेंट १८६७ मध्ये सुरू झाली. मुलगे एकीकडे, मुली दुसरीकडे, अशीच तेव्हाची रीत. एकाच वर्गात दोघांना बसवणाऱ्या माध्यमिक शाळा पुढे वाढल्या, आणि हा बदल फार मोलाचा वाटतो. पहिल्या महायुद्धात जर्मन जेझुइटांना देश सोडावा लागला, तरी शाळा चालू राहिल्या. स्वातंत्र्यानंतर राज्यघटनेच्या कलम ३० ने कॅथलिकांसारख्या अल्पसंख्याकांना स्वतःच्या शिक्षणसंस्था चालवण्याचा हक्क दिला. पुढे १९८७ मध्ये पुणे धर्मप्रांतातून नाशिक धर्मप्रांत वेगळा झाला.