चवदार तळ्याचा दावा आणि खालच्या कोर्टाचे न्यायाधीश

नागोठण्याला अंबा नदीवरचा जुना दगडी पूल सोळाव्या शतकाच्या अखेरीस चौलच्या काझी अल्लाउद्दीनने बांधला, असं कुलाबा गॅझेटियर सांगतं. काझी म्हणजे त्या काळचा न्यायाधीश. पण त्याचं नाव उरलं ते पुलामुळे, त्याने तोडलेल्या तंट्यांमुळे नव्हे. खालच्या पायरीवर बसून साक्षी ऐकणाऱ्या न्यायाधीशांच्या वाट्याला बहुधा हेच येतं. इंग्रजी अमलात कुलाबा जिल्ह्यातला दिवाणी दावा आधी दुय्यम न्यायाधीशापुढे चाले, अपील ठाण्याला जाई आणि तिथून मुंबईच्या उच्च न्यायालयात. इतिहासात नोंद होते ती शेवटच्या पायरीची. माझं म्हणणं असं की या जिल्ह्यातला सर्वांत दूरगामी दिवाणी दावा, महाडच्या चवदार तळ्याचा, खरा जिंकला गेला तो खालच्या दोन पायऱ्यांवर. ज्या न्यायमूर्तींनी शेवटचा निकाल दिला, तेही अशाच कोर्टात घडलेले होते.

दाव्याची पार्श्वभूमी महाराष्ट्राला परिचित आहे. सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करावेत असा सी. के. बोले यांचा ठराव मुंबई कायदेमंडळात १९२३ साली मंजूर झाला आणि महाड नगरपालिकेने त्यानुसार १९२४ मध्ये तळं खुलं केल्याचं जाहीर केलं. २० मार्च १९२७ रोजी डॉ. आंबेडकर आणि महाडला भरलेल्या परिषदेला आलेले लोक तळ्यावर जाऊन पाणी प्यायले. त्यानंतर मारहाण झाली, गोमूत्राने ‘शुद्धी’ झाली आणि नगरपालिकेने आपला ठरावही मागे घेतला. डिसेंबरात सत्याग्रह ठरला, तेव्हा महाडच्या काही सवर्णांनी डॉ. आंबेडकरांवर दिवाणी दावा लावला. १४ डिसेंबर १९२७ ला त्यांना तात्पुरता मनाईहुकूम मिळाला, तो पुढच्या फेब्रुवारीत उठला. मूळ दाव्याचा निकाल मात्र ८ जून १९३१ ला लागला. दुय्यम न्यायाधीश व्ही. आर. सराफ यांनी दावा फेटाळला. ठाण्याचे सहायक न्यायाधीश एस. एम. कैकिणी यांनी ३० जानेवारी १९३३ ला अपील फेटाळलं आणि १७ मार्च १९३७ ला उच्च न्यायालयात न्यायमूर्ती ब्रूमफील्ड व न्यायमूर्ती वाडिया यांनी त्यावर शिक्कामोर्तब केलं.

आता निकालांच्या आत डोकावू. वाद्यांचं म्हणणं दुहेरी होतं: तळं खाजगी मालकीचं आहे, आणि अस्पृश्यांनी त्याचं पाणी वापरायचं नाही ही अनादि काळापासूनची रूढी आहे. मालकीचा मुद्दा टिकला नाही. तळं नगरपालिकेकडे निहित असल्याचं ठरलं. उरली रूढी. सराफांनी साक्षीपुरावा पाहून मान्य केलं की अस्पृश्यांना वगळून पाणी वापरण्याची वहिवाट बऱ्याच काळापासून चालत आली आहे. इथेच थांबते तर वादी जिंकले असते. पण एका वर्गाने पाणी वापरलं आणि दुसऱ्याने वापरलं नाही, एवढ्यावरून पहिल्याला कायदेशीर हक्क मिळत नाही आणि दुसऱ्याचा जातही नाही, असा त्यांनी निष्कर्ष काढला. एका तालुक्याच्या गावी, त्या तळ्याच्या काठी राहणाऱ्या प्रतिष्ठितांच्या दाव्यात हे लिहायला लागलं असेल ते धैर्य मला फार मोलाचं वाटतं. कैकिणी वेगळ्या वाटेने गेले आणि एक पाऊल पुढे गेले: रूढी अनादि असल्याचंच शाबीत झालेलं नाही. जिवंत माणसांच्या आठवणीतला काळ कितीही लांबवला तरी तो ‘अनादि’ होत नाही. इंग्लंडच्या कायद्यात ‘अनादि’ म्हणजे ११८९ सालापूर्वीचं. इथल्या कोर्टांनी ते साल धरून बसण्याचा हट्ट केला नाही, पण शाबितीची जबाबदारी रूढी सांगणाऱ्यावरच ठेवली.

या शेवटच्या गोष्टीत दाव्याचं सगळं सार आहे. गावात रूढीला कुणी पुरावा मागत नसे. कोकणातल्या गावोगावी पाणवठे वेगळे होते, आणि ‘पूर्वीपासून असंच आहे’ एवढ्या वाक्यावर ती व्यवस्था उभी होती. कोर्टात तेच वाक्य साक्षीदाराला शपथेवर बोलावं लागलं, उलटतपासणीला तोंड द्यावं लागलं. शिवाय तळ्याचं पाणी मुसलमानही वापरत होते हे पुढे आलं, तेव्हा विटाळाचा युक्तिवाद किती सोयीचा आहे हेही दिसलं. धर्मग्रंथांचा अर्थ लावण्याचं काम न्यायाधीशाने अंगावर घेतलं नाही. किती वर्षांची आठवण, कुणाची, कशावरून, एवढंच विचारलं.

रॉबर्ट ब्रूमफील्ड यांना हे काम आतून माहीत होतं. आयसीएसमधून न्यायखात्यात आलेले हे गृहस्थ १९२२ साली अहमदाबादचे जिल्हा व सत्र न्यायाधीश होते, आणि १८ मार्चला शाहीबागच्या सर्किट हाऊसमध्ये गांधीजींवरचा राजद्रोहाचा खटला त्यांच्यापुढे चालला. गांधीजींनी आरोप कबूल केले. सरकारी बाजूचे स्ट्रँगमन पूर्ण सुनावणी मागत होते. ब्रूमफील्डनी कबुली स्वीकारली, टिळकांच्या १९०८ च्या शिक्षेचा दाखला दिला आणि तितकीच, सहा वर्षांची साधी कैद दिली. पुढे बार्डोलीच्या शेतसाऱ्याची चौकशी त्यांनी मॅक्सवेल यांच्याबरोबर केली. गावोगाव फिरून खंडाचे आणि विक्रीचे व्यवहार तपासल्यावर सुमारे २२ टक्क्यांची सरकारी वाढ त्यांना पटली नाही. त्यांच्या अहवालाने ती ६ टक्क्यांच्या आसपास आणली. म्हणजे सरकारने मांडलेला आकडा असो की महाडच्या वाद्यांनी सांगितलेली रूढी, दोन्हींकडे त्यांचा प्रश्न एकच होता: कशावरून? म्हणूनच १९३७ मध्ये त्यांनी कैकिणींचा निष्कर्ष उचलून धरला आणि तिथेच लेखणी ठेवली.

यावर मोठा आक्षेप येतो, आणि तो गंभीर आहे. ब्रूमफील्डनी अस्पृश्यतेवर काहीच म्हटलं नाही. रूढी शाबीत झाली असती तर ती अन्यायी आहे का, सार्वजनिक हिताविरुद्ध आहे का, हे पाहावं लागलं असतं. पण ती शाबीत नाही, म्हणून त्यात जाण्याची गरज नाही, असं त्यांनी म्हटलं. मग शाबीत झाली असती तर? अमेरिकेत १९५१ साली साउथ कॅरोलायनातले फेडरल न्यायाधीश वेटीज वेअरिंग यांनी काळ्या मुलांच्या वेगळ्या शाळांच्या खटल्यात सरळ लिहिलं की वेगळेपण हीच विषमता. तिघांच्या पीठात ते एकटे पडले, पुढच्या वर्षी त्यांनी आपलं शहर सोडलं, आणि १९५४ मध्ये सर्वोच्च न्यायालय त्यांच्या बाजूला आलं. वेअरिंगांचं धैर्य मोठं, यात शंका नाही. पण त्यांच्या हाती समान संरक्षणाची हमी देणारी राज्यघटना होती. १९३१ च्या महाडमध्ये, १९३३ च्या ठाण्यात तशी कोणतीही तरतूद नव्हती. सराफ-कैकिणींनी तत्त्वावर निकाल लिहिला असता तर वरच्या कोर्टात तो उलटण्याची वाट मोकळी झाली असती. पुराव्यावर बांधलेला निष्कर्ष दुसऱ्या अपिलात हलवणं फार अवघड असतं. खालच्या न्यायाधीशाचं बळ इथे आहे, आणि त्यांनी ते नेमकं वापरलं.

दुसरा आक्षेप वेळेचा. त्याला माझ्याकडे पुरतं उत्तर नाही. मनाईहुकूम दोन दिवसांत मिळतो आणि शेवटच्या निकालाला नऊ वर्षांहून अधिक काळ लागतो. २५ डिसेंबर १९२७ पासून हजारो लोक महाडला जमलेले असताना त्या हुकुमामुळे तळ्यावर जाणं स्थगित करावं लागलं. लोकांचा संताप आवरून डॉ. आंबेडकरांनी ते मान्य करून घेतलं. कोर्टाने तेव्हा लोकांकडून जे घेतलं ते १९३७ च्या कागदाने परत दिलं असं म्हणता येणार नाही. पण स्वतः बॅरिस्टर असलेल्या या प्रतिवादीने कोर्ट टाळलं नाही, दावा शेवटपर्यंत लढवला, याचाही अर्थ लावायला हवा. तळ्याचं पाणी पिऊन हक्क बजावला होता. आता तो हक्क नाकारणाऱ्यांना, त्यांच्याच दाव्यात, त्यांच्याच साक्षीदारांसह हरवायचं होतं.

नागोठण्याहून कोलाड-माणगाववरून महाडला जाणाऱ्याला तळ्याकाठी आंबेडकरांचा पुतळा दिसतो, आणि तो तिथेच हवा. १९३७ चा निकाल कायद्याच्या विद्यार्थ्याला सहज मिळतो. सराफ आणि कैकिणी यांची निकालपत्रंही मराठीत, साक्षीपुराव्यासह, महाडच्या शाळांपर्यंत पोचायला हवीत. उच्च न्यायालयाने ज्यावर बोट ठेवलं ते सगळं त्यांनी आधीच तपासून, लिहून ठेवलेलं होतं.