तळटीप : साकी आणि लोणी

साकी : हेक्टर ह्यू मन्रो (१८७०–१९१६) या इंग्रजी कथाकाराचे टोपणनाव. संगीत नाटकांतल्या दिंडी-साकीशी याचा संबंध नाही. ते उमर खय्यामच्या रुबायांतून घेतले, असे बहुतेक मानतात. जन्म ब्रह्मदेशात. मुलगा जेमतेम दोन वर्षांचा असताना अंगावर गाय धावून आल्याचे निमित्त होऊन आई गेली. मग डेव्हनमध्ये दोन कडक आत्यांच्या धाकात वाढला. (गोष्टींतल्या मोठ्या बायका इतक्या छळवादी का, हे वेगळे सांगायला नको.) ‘द क्रॉनिकल्स ऑफ क्लोव्हिस’ (१९११) या संग्रहातल्या ‘स्रेडनी वाष्टार’ कथेत लपवून पाळलेला फेरेट जाचक पालकबाईचा जीव घेतो आणि दहा वर्षांचा काॅनरॅडिन शांतपणे टोस्टला लोणी लावत बसतो. वरच्या परिच्छेदातले ‘लोणी लावणे’ ते हे, खुशामतीचे नव्हे.