लेश्या

जैन दर्शनातील एक संकल्पना. जीवाची वृत्ती आणि त्या वृत्तीबरोबर त्याला लागणाऱ्या सूक्ष्म द्रव्याचा रंग, या दोहोंना लेश्या म्हणतात. वृत्ती ती भावलेश्या, द्रव्य ती द्रव्यलेश्या. (दिगंबर ग्रंथकार द्रव्यलेश्या म्हणजे शरीराचा वर्ण मानतात.) लेश्या सहा : कृष्ण, नील, कापोत म्हणजे पारव्याच्या रंगाची, तेजस्, पद्म आणि शुक्ल. पहिल्या तीन अशुभ, पुढच्या तीन शुभ. तेजोलेश्या श्वेतांबर ग्रंथांत उगवत्या सूर्यासारखी तांबडी आणि पद्मलेश्या हळदीसारखी पिवळी आहे. दिगंबर परंपरा तेजोलेश्येलाच पीत म्हणते.

रंगाला इतके वजन कुठून आले, हे पुद्गलाच्या विचारावरून कळते. पुद्गल म्हणजे जडद्रव्य. उमास्वातींच्या ‘तत्त्वार्थसूत्रा’त त्याचे लक्षणच स्पर्श, रस, गंध आणि वर्ण असे केले आहे. वर्ण पाच : काळा, निळा, तांबडा, पिवळा, पांढरा. एकट्या परमाणूतही एक वर्ण, एक रस, एक गंध आणि दोन स्पर्श असतातच. वैशेषिकांनीही रूप हा गुण मानला, पण पृथ्वी, जल आणि तेज यांच्यापुरता. वायूला त्यांनी रंग दिला नाही. जैनांना हा भेद मान्य नाही. त्यांच्या मते परमाणू सर्व एकाच जातीचे. ज्याला स्पर्श आहे त्याला वर्णही आहे, मग तो डोळ्यांना दिसो वा न दिसो. युरोपात सतराव्या शतकात गॅलिलिओने आणि पुढे लॉकने रंग वस्तूंतून काढून पाहणाऱ्याच्या पदरात टाकला. त्यानंतर शिकलेल्या आपल्यासारख्यांना जैनांचे हे म्हणणे चमत्कारिक वाटते. पण त्यात कच्चेपणा नाही. पाहणारा कोणी नसला तरी वस्तू रंगहीन होत नाही, एवढाच त्यांचा आग्रह आहे.

‘उत्तराध्ययन’ सूत्राचा चौतिसावा अध्याय लेश्यांवर आहे. काळ्या मनाला काळे म्हणणे ही केवळ बोलण्याची रीत आहे, असे समजणाऱ्याने तो अवश्य पाहावा. तेथे लेश्येला रंगाबरोबर चव, वास आणि स्पर्शही आहेत. कृष्णलेश्या कडुनिंबाहून कितीतरी कडू, कापोतलेश्या कच्च्या आंब्याहून तुरट, तेजोलेश्येला पिकलेल्या आंब्याची गोडी. अशुभ लेश्यांचा वास मेलेल्या जनावरासारखा, स्पर्श करवतीसारखा किंवा सागाच्या पानासारखा खरखरीत. शुभ लेश्या लोण्यासारख्या मऊ. सागाचे पान हाताळलेल्याला यापुढे टीकेची गरज पडू नये. हे सगळे द्रव्याचे वर्णन आहे.

लोकांच्या लक्षात मात्र राहते ते जांभळाचे झाड. देरासरांतील, म्हणजे जैन मंदिरांतील, चित्रांत आणि पाठशाळांच्या पुस्तकांत ते हमखास भेटते. सहा भुकेली माणसे झाडापाशी येतात. कृष्णलेश्येचा मुळापासून झाड तोडायला निघतो, नीललेश्येचा मोठ्या फांद्या, कापोतलेश्येचा लहान फांद्या. चौथा घोस तोडू म्हणतो, पाचवा पिकलेली फळे तेवढी खुडू म्हणतो आणि सहावा खाली पडलेली वेचतो. दृष्टांत इतका सुटसुटीत आहे की मूळ विचारातील द्रव्याची बाजू त्यात पार झाकून जाते.

रंगांवरून जीवांची प्रतवारी एकट्या जैनांची नव्हे. आजीविकांच्या सहा अभिजाती बौद्ध पाली ग्रंथांत आढळतात आणि महाभारताच्या शांतिपर्वातही जीवाचे सहा वर्ण आले आहेत. जैनांनी ही कल्पना आजीविकांकडून घेतली असावी, असा तर्क ‘उत्तराध्ययना’चे भाषांतरकार हेर्मान याकोबी यांनी केला. तेरापंथी आचार्य महाप्रज्ञ (१९२०–२०१०) यांनी १९७५ पासून प्रचारात आणलेल्या प्रेक्षाध्यानात लेश्याध्यान हा एक भाग असून त्यात शरीरातील ठरावीक केंद्रांवर रंगांचे ध्यान करतात.

मुळात आत्मा अवर्ण आहे; रंग पुद्गलाचा. त्यामुळे शुक्ललेश्याही शेवटी सुटावी लागते. ती तेराव्या गुणस्थानापर्यंत, म्हणजे आत्मविकासाच्या चौदा पायऱ्यांतील तेरावीपर्यंत राहते. चौदाव्यात जीव अलेश्य होतो आणि सिद्ध म्हणजे मुक्त जीवही अलेश्यच.

गुजराती-कच्छी जैनांची मोठी वस्ती असलेल्या घाटकोपरात, विशेषतः पूर्वेला देरासर लेनच्या परिसरात, रंगांचा दुसरा एक हिशेब थेट ताटात येतो. चैत्र आणि आश्विन शुद्ध सप्तमीपासून पौर्णिमेपर्यंत नऊ दिवस आयंबिलाची ओळी असते : दिवसातून एकदाच जेवण, तूप, तेल, दूध, दही, साखर, गूळ, हिरवी भाजी वर्ज्य. एकधान्याची ओळी करणारे पहिल्या दिवशी अरिहंतांसाठी पांढरा तांदूळ खातात, दुसऱ्या दिवशी सिद्धांसाठी लाल म्हणून गहू, मग आचार्यांसाठी पिवळा चणा, उपाध्यायांसाठी हिरवे मूग, साधूंसाठी काळे उडीद. उरलेले चार दिवस दर्शन, ज्ञान, चारित्र आणि तप यांचे. तेव्हा पुन्हा तांदूळ. (वर्तमानपत्रांनी रूढ केलेल्या नवरात्रीच्या नऊ रंगांशी याचा संबंध नाही, जरी आश्विनात दोन्ही तीन दिवस एकमेकांवर येतात.) लेश्यांच्या उतरंडीत तळाला असलेला काळा येथे साधूंचा आहे, मुनिसुव्रत आणि नेमिनाथ या तीर्थंकरांचा वर्णही काळाच, आणि अलेश्य सिद्धांना लाल रंग मिळाला आहे. दोन्ही योजना एका साच्यात बसवण्याचा खटाटोप न केलेला बरा. ज्यांना एकधान्य झेपत नाही ते कोणतेही धान्य किंवा कडधान्य घेतात. आयंबिलाचे बाकीचे नियम तेच राहतात.