येसूबाई : तहातले एक कलम

१६८९ ते १७१९. महाराणी येसूबाईंविषयी वाचताना या दोन सालांमध्ये बहुधा एकच वाक्य भेटते : त्या मोगलांच्या कैदेत होत्या. जवळजवळ ३० वर्षांचे आयुष्य एका वाक्यात आटोपते. आजचा थ्रेड त्या वाक्याविषयी.

शृंगारपूरच्या शिर्क्यांची ही कन्या. संभाजीराजे मोहिमांवर असताना राज्याचा कारभार पाहणारी, आणि त्यासाठी ‘श्री सखी राज्ञी जयति’ ही स्वतःची मुद्रा असलेली. मार्च १६८९ मध्ये संभाजीराजांची हत्या झाली आणि रायगडाला वेढा पडला. शाहू तेव्हा जेमतेम सात वर्षांचा. राजारामांनी गडाबाहेर पडावे, आपण मुलासह गड सांभाळू, हा निर्णय परंपरेने येसूबाईंच्या नावे नोंदवला आहे. एप्रिलमध्ये राजाराम निसटले. गड नोव्हेंबरपर्यंत टिकला.

पुढच्या काळाला ‘कैद’ म्हणणे मला अपुरे वाटते. शाहूला सात हजारी मनसब मिळाली आणि बादशहाची मुलगी झीनतुन्निसा हिने मायलेकरांची काळजी घेतली. हे औदार्य होते, तसाच हिशेबही. अंधारकोठडीतला राजपुत्र कोणाच्याच उपयोगाचा नसतो. जिवंत, सन्मानित वारस मात्र पुढेमागे मराठ्यांच्या गादीसाठी वापरता येतो. औरंगजेबाची छावणी म्हणजे तंबूंचे फिरते शहर. १६९५ ते १६९९ ते भीमाकाठी ब्रह्मपुरीला होते. म्हणजे येसूबाई त्या काळात महाराष्ट्राच्याच मातीत ओलीस होत्या.

मार्च १७०७ मध्ये औरंगजेब वारला. तख्तासाठी उत्तरेकडे धावणाऱ्या आझमशहाने मे महिन्यात वाटेत शाहूला सोडले. शाहू परतला की ताराबाईंशी वारसाहक्काचा वाद पेटणार, आणि मोगलांना तेच हवे होते. मात्र आई मागे ठेवली. मुलाच्या इमानाचे तारण म्हणून! २५ वर्षांचा मुलगा दक्षिणेकडे निघाला, आईची वाट दिल्लीकडे वळली.

याच काळात जर्मनीत एक उमराव स्त्री अशीच अडकून होती. सेलची राजकन्या सोफिया डोरोथिया, हानोव्हरच्या गेओर्ग लुडविगची पत्नी. तिचा प्रियकर क्योनिग्समार्क १६९४ मध्ये नाहीसा झाला, घटस्फोट झाला आणि तिला आल्डेनच्या वाड्यात डांबण्यात आले. नवरा १७१४ मध्ये ब्रिटनचा राजा जॉर्ज पहिला झाला. ती १७२६ मध्ये तिथेच वारली. मुलांची भेट तिला पुन्हा कधी मिळाली नाही. तिला सोडवून कोणाचाही राजकीय फायदा होणार नव्हता. येसूबाईंच्या सुटकेला मात्र किंमत होती, आणि ती वसूल करणारा मुलगा गादीवर होता.

संधी १७१८ मध्ये आली. बादशहा फर्रुखसियरशी बिनसलेल्या सय्यद हुसेन अलीला फौज हवी होती. शाहूने अटी घातल्या : शिवकालीन स्वराज्य, दख्खनच्या सहा सुभ्यांची चौथाई व सरदेशमुखी आणि मातोश्रींची सुटका. बादशहाने तह नाकारला, तेव्हा बाळाजी विश्वनाथ सय्यदाबरोबर थेट दिल्लीला गेले. फेब्रुवारी १७१९ मध्ये फर्रुखसियर पदच्युत झाला. त्या धामधुमीत शहरात दंगा उसळून बरेच मराठे मारले गेले. मार्चमध्ये नव्या बादशहाच्या नावे सनदा मिळाल्या.

स्वराज्याच्या सनदेत कल्याण आणि भिवंडी ही नावे आहेत. मी वागळे इस्टेटमध्ये बसून हे लिहितो आहे. खाडीकाठचे हे ठाणे तेव्हा पोर्तुगिजांकडे होते आणि १७३७ पर्यंत राहिले. आपल्याकडे या सनदांची चर्चा चौथाईच्या आकड्यांपाशी रंगते. परंतु त्याच तहात एका स्त्रीची पाठवणीही लिहिलेली होती, आणि सनदा घेऊन परतणाऱ्या त्याच तांड्याबरोबर ती निघाली.

१७१९ च्या पावसाळ्यात येसूबाई साताऱ्याला पोहोचल्या. मायलेकरांची ताटातूट होऊन १२ वर्षे झाली होती; शाहू आता ३७ वर्षांचा होता.